पोलिसाने लिहिलेला तांडा

आमच्या मानोरा तालुक्यात, इंझोरीच्या चहूबाजूंनी, बंजाऱ्यांचे तांडे पुष्कळ. शाळेत मी इतिहास शिकवला. गोरमाटी, म्हणजे बंजारा, पोरांना पानिपत सांगितलं, १८५७ सांगितलं. त्यांच्या पणजोबांविषयी सरकारने काय लिहून ठेवलंय, हे मात्र पाठ्यपुस्तकात कधी आलंच नाही.

ते आहे रसेल आणि रायबहादूर हिरालाल यांच्या चार खंडांत. मध्य प्रांतातल्या जातीजमातींवरचा हा १९१६चा ग्रंथ अभ्यासक आजही प्रमाण धरतात. दुसऱ्या खंडातलं बंजाऱ्यांचं प्रकरण काढा. लग्नाच्या चाली, बैलाची पूजा, संत सेवाभाया, तांड्याचा नायक, तांड्याची राखण करणारी कुत्री, सगळं बारकाईने टिपलंय. पण त्याच ओळीत चेटूक, नरबळी, पळवून आणलेली मुलं आणि ‘गुन्हेगारी प्रवृत्ती’ असे मथळे आहेत. सद्गुणांनाही एक मथळा आहे, उपकारच म्हणायचे!

खरी गंमत तळटीपेत आहे. हे प्रकरण मुख्यतः कंबरलेज या वऱ्हाड पोलिसातल्या साहेबाच्या टिपणावर बेतलेलं आहे. ते पहिल्यांदा १८६९च्या सुमारास लिहिलं गेलं असावं, असं रसेलच म्हणतो. म्हणजे ठाण्यातला कागद पुढे शास्त्र झाला. टिपण लिहिलं गेलं तेव्हा रेल्वे वऱ्हाडात पोचली होती आणि लदेणीचा, म्हणजे बैलांवर माल लादून नेण्याचा, बंजाऱ्यांचा धंदा बसत चालला होता. पोट भरायची वाट बंद करायची आणि भटकतो म्हणून संशय घ्यायचा! १८७१ला गुन्हेगार जमातींचा कायदा आला, तो रद्द व्हायला १९५२ उजाडलं. त्याची खूण म्हणून आजही आमच्या गोरमाटी विद्यार्थ्याच्या दाखल्यावर ‘विमुक्त जाती (अ)’ असं लिहिलेलं असतं.

अ‍ॅन लॉरा स्टोलर या मानववंशशास्त्रज्ञ बाईंनी इंडोनेशियातल्या डच राजवटीचे कागद असेच चाळले. २००९च्या पुस्तकात त्या दप्तरातून साहेबाचीच धास्ती, त्याचे अंदाज आणि गोंधळ वाचून दाखवतात. कंबरलेजही तसाच वाचावा. एका जागी न थांबणाऱ्या माणसांपुढे पोलीस किती बावरला होता, ते त्यात दिसतं.

म्हणून रसेल-हिरालालांचा ग्रंथ जाळा म्हणणाऱ्यांशी माझं जमत नाही. त्यातला नायक, त्यातले विधी तांड्याच्या कामाचे आहेत. आमच्याच तालुक्यातल्या पोहरादेवीला २०२४मध्ये बंजारा विरासत संग्रहालय उघडलं. तिथे या एका प्रकरणाचा मराठी अनुवाद, गोरमाटी अभ्यासकांच्या टिपांसह, विक्रीला ठेवा. आणि जिल्हा ग्रंथालयाने त्याच्या प्रती तालुक्यातल्या प्रत्येक शाळेला द्याव्यात.