पुरस्कार सिनेमाला, नटाचं काय?



जानेवारी २०२५ मध्ये इथे अमेरिकेत, सनडान्स महोत्सवात, रोहन परशुराम कानवडे यांच्या 'साबर बोंडं' या मराठी चित्रपटाला जागतिक कथापट विभागातलं ज्यूरीचं सर्वोच्च पारितोषिक मिळालं. आपल्या सगळ्यांच्या इनबॉक्समध्ये अभिनंदनाच्या मेल्स फिरल्या. मीही दोन फॉरवर्ड केल्या. त्यातल्या एकीतही नटांची नावं नव्हती.

या चित्रपटात आनंदचं काम भूषण मनोज यांनी केलं आहे. मुंबईत कॉल सेंटरमध्ये नोकरी करणारा आनंद वडिलांच्या निधनानंतर दहा दिवस गावी येतो. नातेवाईक लग्नाचा विषय सोडत नाहीत, आणि तिथेच त्याला लहानपणचा मित्र बाळ्या भेटतो. बाळ्या झालेत सूरज सुमन. दोन पुरुषांमधल्या प्रेमाची ही गोष्ट कुठेही आवाज न चढवता सांगितली आहे, त्यामुळे सगळा भार नटांच्या चेहऱ्यांवर आणि गप्प राहण्यावर येतो. हे काम सोपं नाही.

पण असं काम केल्यावर पुढे काय? गीतांजली कुलकर्णींचं उदाहरण घ्या. 'कोर्ट'मधली त्यांची सरकारी वकील २०१४ साली व्हेनिसमध्ये वाखाणल्या गेलेल्या चित्रपटातली. त्या राष्ट्रीय नाट्य विद्यालयात शिकलेल्या, रंगभूमीवर मुरलेल्या. तरी घरोघरी पोचल्या त्या २०१९ मध्ये सुरू झालेल्या 'गुल्लक' मालिकेमुळे. ज्यांच्यामागे रंगभूमी नाही त्यांनी मधली वर्षं कशी काढायची?

आपल्यापैकी अनेकांना ही मधली वर्षं ठाऊक आहेत. पहिला पेपर चांगल्या जर्नलमध्ये छापून येतो, सगळे पाठ थोपटतात, आणि नोकरी मात्र कुठेच नसते. माझी पोस्टडॉकची सहा वर्षं अशीच गेली. तेव्हा कोणी सेमिनारला बोलावलं, चार प्रश्न विचारले, तर महिनाभर पुरेल एवढी उमेद मिळायची.

म्हणून आमच्या मंडळाच्या बैठकीत मी हा चित्रपट दाखवावा असं सुचवलं. उत्तर आलं, "फॅमिली ऑडियन्स आहे हो. आणि यात ओळखीचं कोण आहे?" त्यानंतर एका लोकप्रिय कलाकाराच्या दौऱ्याचं बजेट दहा मिनिटांत मंजूर झालं. पहिल्या आक्षेपावर मी वाद घालायला हवा होता. घातला नाही. चहा घेतला आणि घरी आलो. आपण पुरोगामी म्हणवतो ते मेलवरच का, असा प्रश्न गाडी चालवताना पडला.

दुसऱ्या आक्षेपाचं उत्तर मात्र साधं आहे: आपण ओळख करून घेतल्याशिवाय कोणी ओळखीचं होणार कसं? माझी सूचना छोटी आहे. वर्षातून एक स्वतंत्र मराठी चित्रपट रीतसर परवानगी घेऊन, तिकीट लावून दाखवू. नंतर व्हिडिओ कॉलवर दिग्दर्शकासोबत नटालाही बोलावू, आणि त्या तासाचं मानधन देऊ. एका दौऱ्याच्या विमानभाड्यात असे कितीतरी कार्यक्रम बसतील.

पुढच्या बैठकीत मी हा विषय पुन्हा मांडणार आहे. या वेळी गप्प बसणार नाही. सोबत कोण आहे?