निकाल एकाचा, लाभ सगळ्यांना द्या

प्रति,
मा. अध्यक्ष व व्यवस्थापकीय संचालक,
महावितरण, प्रकाशगड, वांद्रे (पूर्व), मुंबई.

विषय : पदोन्नतीच्या लाभांवरून होणारे खटले

महोदय,

भर पावसात झरी जामणीकडचा एखादा फीडर बंद पडला, की चिखल तुडवत तुटलेली तार शोधायला लाइनमन निघतो. कंपनी त्याला 'जनमित्र' म्हणते. त्या जनमित्राच्या हक्कासाठी यवतमाळचा एक वीजग्राहक या नात्याने हे पत्र लिहीत आहे.

6 जून 2005 रोजी राज्य वीज मंडळाचे विभाजन झाले आणि मंडळात लागलेली माणसे कंपन्यांची झाली. त्यांच्या सेवाशर्ती या बदलामुळे पूर्वीपेक्षा कमी लाभाच्या होणार नाहीत, असा शब्द विद्युत कायदा 2003 च्या कलम 133 ने दिला आहे. मंडळाकडून आलेल्या या शिदोरीत 1974 चा जी.ओ. 74 हा मंडळाचा आदेशदेखील होता. बढतीला जागा नाही म्हणून वर्षानुवर्षे एकाच पदावर अडकलेल्याला निदान वरची वेतनश्रेणी मिळावी, हा त्याचा हेतू. तो लाभ कोणत्या तारखेपासून धरायचा, बढती नाकारणाऱ्याकडून काढून घ्यायचा का, दिलेल्या रकमेची वसुली करायची का, असे वाद कोर्टात जात राहिले.

तारखेच्या या वादाला घरात फार मोल असते. समजा, मूळ वेतन आणि महागाई भत्ता मिळून 2,000 रुपयांचा फरक आहे आणि सेवा 30 वर्षांची आहे. वर्षाला पंधरा दिवसांचा पगार, महिना सव्वीस दिवसांचा, या कायद्यातल्या हिशेबाने एकट्या ग्रॅच्युइटीत 34,615 रुपयांचा फरक पडतो. दरमहाचा पगार आणि भविष्य निर्वाह निधी वेगळाच.

कायदा सगळाच कर्मचाऱ्याच्या बाजूने आहे, असे मी म्हणत नाही. बिहार वीज मंडळाच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने 2024 मध्ये स्पष्ट केले, की बढतीसाठी विचार होणे हा मूलभूत हक्क आहे, पण जागा रिकामी झाली त्या तारखेपासून बढती मागता येत नाही. मात्र 2014 च्या रफिक मसीह निकालाने तृतीय व चतुर्थ श्रेणीतल्या कर्मचाऱ्यांकडून आणि निवृत्तांकडून चुकून जास्त दिलेल्या रकमेची वसुली करण्यास मनाई केली. त्याच वर्षी अरविंदकुमार श्रीवास्तव प्रकरणात न्यायालयाने सांगितले, की एकाला न्यायालयातून मिळालेला लाभ तशाच स्थितीतल्या इतरांनाही द्यावा, हा सर्वसाधारण नियम आहे. वर्षानुवर्षे गप्प बसलेल्यांचा अपवाद त्याला आहे, पण नियम तो नियमच.

माझे सगळे मागणे या नियमावर उभे आहे. उमरखेडच्या लाइनमनला नागपूर खंडपीठ गाठायचे तर जिल्हा ओलांडून दोनशे किलोमीटरच्या वर जावे लागते. वकिलाची फी, बुडालेल्या रजा, तारखांवर तारखा, आणि तोवर निवृत्ती येऊन ठेपते. शेजारच्या उपकेंद्रातल्या सहकाऱ्याने जिंकलेला मुद्दा त्याने पुन्हा पहिल्यापासून का लढावा? दोन्ही बाजूंच्या वकिलांचा खर्च शेवटी आमच्या वीजबिलातूनच जातो.

म्हणून तीन विनंत्या. निकाल अंतिम झाला, की समान स्थितीतल्या सर्वांना तो लागू करणारे परिपत्रक काढा. सेवाज्येष्ठता यादी दरवर्षी ठरल्या तारखेला लावा आणि हरकतींना लेखी उत्तर द्या. जी.ओ. 74 ची वसुली काढण्याआधी कर्मचाऱ्याचे म्हणणे ऐका.

खासगीकरणाच्या धास्तीने 4 जानेवारी 2023 रोजी वीज कर्मचारी संपावर गेले होते. ही धास्ती निराधार नाही. दिल्लीत 2002 मध्ये वितरण खासगी कंपन्यांकडे गेले आणि जुन्या कर्मचाऱ्यांची देणी कोणी द्यायची, हा वाद सर्वोच्च न्यायालयापर्यंत पोचला. ती वितरण कंपनीनेच द्यायची, हे ठरायला 2010 उजाडले. सरकारी कंपनी आपल्या माणसांना दिलेला शब्द कोर्टाच्या पायरीविना पाळते, हे महावितरणने दाखवले, तर ती धास्ती कमी होईल.

येत्या 6 जूनला, कंपनीच्या वर्धापनदिनी, ते पहिले परिपत्रक निघावे. त्यानंतर झरी जामणीचा लाइनमन रजा टाकेल ती लेकीच्या लग्नासाठी. कोर्टाच्या तारखेसाठी त्याला ती टाकावी लागू नये.

आपला,
यवतमाळचा एक वीजग्राहक