तिकिटे मागतो, टिपण का नाही?

बाहेरगावाहून यवतमाळच्या एसटी स्टँडवर उतरून घरी आले की शेजारीण विचारते, "कोनासंग गेलती वं?" काय पाहिलंस, हे विचारत नाही. पण शेजारणीला कशाला बोल लावायचा? शिबिराहून परतलेल्या बाईकडून आपली मंडळे तरी काय मागतात? तिकिटे आणि हजेरीचा कागद! आमच्या मंडळाचा हिशेब मीच ठेवते, आणि मीही आजवर दुसरे काही मागितले नाही.

याची लाज मला पंडिता रमाबाईंमुळे वाटली. शारदा सदनाच्या, धर्मांतराच्या रमाबाई आपल्याला ठाऊक असतात. प्रवास करून त्यावर विचार करणारी लेखिका म्हणून त्यांचे नाव आपण घेतो का? लहानपणापासून त्या आईवडिलांबरोबर देशभर पायी हिंडल्या. दुष्काळात आईवडील गेले, तरी भावाबरोबर चालत राहिल्या आणि १८७८ मध्ये कलकत्त्याला पोचल्या. १८८३ मध्ये इंग्लंड. १८८६ मध्ये आनंदीबाई जोशींच्या पदवीदानासाठी अमेरिका. तिथे अडीच वर्षांहून अधिक काळ त्या व्याख्याने देत, शाळा-संस्था पाहत फिरल्या. १८८९ मध्ये परतल्यावर लिहिले 'युनायटेड स्टेट्सची लोकस्थिति आणि प्रवासवृत्त', आणि तेही मराठीत, आपल्यासाठी!

यात नुसती देखाव्यांची वर्णने नाहीत. राज्यकारभार कसा चालतो, मुली काय शिकतात, बायका आपल्या संस्था कशा उभ्या करतात, हे त्यांनी बारकाईने पाहिले. बायकांच्या स्थितीवर दीर्घ प्रकरण लिहिले. कौतुक करताना तिथल्या वर्णद्वेषाकडे डोळेझाक केली नाही. त्याच वर्षी ११ मार्चला मुंबईत शारदा सदन सुरू झाले. पाहणे, लिहिणे आणि काम करणे ही त्यांच्या लेखी वेगळी खाती नव्हती. आपण मात्र लिहिण्याचे खाते शहरातल्या बायांना देऊन टाकले आहे.

कोणी म्हणेल, रमाबाई शास्त्र्यांची लेक, आईकडून संस्कृत शिकलेली. आमच्या बायांना लिहिता कुठे येते? कबूल. जातीने दिलेली ही सवलत लहान नव्हती. पण मग सांगता येणाऱ्या बाईचे ऐकून दुसरीने लिहायला काय हरकत आहे? कापूस वेचायला दुसऱ्या तालुक्यात जाणारी बाई तिथली मजुरी, मुकादम, रात्रीचा निवारा, सगळे पाहून येते. तिच्या जाण्याला आपण प्रवास म्हणत नाही, म्हणून तिचे पाहणे वाया जाते.

मार्च २०२३ पासून एसटीत बायकांना अर्धे तिकीट आहे. तिकीट अर्धे झाले, "कोनासंग?" हा प्रश्न पुराच राहिला. त्याला उत्तर आपणच द्यायचे आहे. मैत्रिणींनो, पुढच्या बैठकीपासून प्रवासखर्चाच्या पावतीला दोन पाने टिपण जोडा. मजकूर नसेल तर पैसे मिळणार नाहीत, हे मी हिशेबनीस म्हणून सांगते. पहिली दोन पाने माझी असतील.