विसाव्याचा हिशेब

मुंबईत विसावा ही हळूहळू विकत घेण्याची वस्तू होऊ लागली आहे. एका खोलीत पाच-सहा माणसांचा संसार करणाऱ्या कारकुनाला किंवा परीक्षा तोंडावर आलेल्या विद्यार्थ्याला घरात निवांत कोपरा मिळत नाही. लोकलच्या डब्यात तर उभे राहण्यापुरती जागा मिळाली तरी समाधान मानावे लागते. ज्यांना परवडते ते उपाहारगृहात वा क्लबात घटकाभराची शांतता विकत घेतात. इतरांना आधार उरतो तो शिवाजी पार्कच्या कट्ट्याचा, मरीन ड्राइव्हच्या कठड्याचा, उद्यानातील बाकाचा आणि मोफत वाचनालयाचा.

एकाने उपभोग घेतल्याने दुसऱ्याचा वाटा कमी होत नाही, अशा सार्वजनिक वस्तूंची मीमांसा पॉल सॅम्युएलसन यांनी १९५४ मध्ये केली. कट्टा हा जवळपास त्याच जातीचा. त्यावर बसणाऱ्याकडून दाम घेता येत नाही, म्हणून बाजारपेठ तो बांधणार नाही. तो समाजानेच बांधावा व राखावा लागतो. शिवाजी पार्क १९२५ मध्ये लोकांसाठी खुले झाले ते याच न्यायाने. मुंबई उच्च न्यायालयाने २०१० मध्ये त्याला शांतता क्षेत्र ठरविले, तेव्हा तेथील शांतता हीदेखील सार्वजनिक मालमत्ता आहे, हेच अधोरेखित झाले.

अडचण अशी की, ज्याला किंमत नाही त्याची नोंद कोणत्याच खतावणीत होत नाही. भूखंडाचा भाव रुपयांत मांडता येतो. त्यावर बसून मिळणारे समाधान शून्य धरले जाते. असा हिशेब मांडला की बाक दरवेळी हरणार, हे उघड आहे.

पाणी, रस्ते आणि घरे यांची वानवा असताना बाकांची चैन कशाला, असा आक्षेप घेतला जातो. तो वरवरचा आहे. ज्याचे घर प्रशस्त, त्याला सार्वजनिक बाकाची गरज कमी. घर जितके लहान, तितकी ती अधिक. म्हणजे हा सौंदर्याचा नव्हे, वाटपाचा प्रश्न आहे. कट्टा हा सामान्य माणसाचा दिवाणखाना होय.

म्हणूनच विनामूल्य बसण्याच्या जागा वाढल्या की घटल्या, याचा विभागवार तपशील महानगरपालिकेने दरवर्षी अर्थसंकल्पाबरोबर प्रसिद्ध करावा. उद्यानांच्या वेळाही कचेरीतून उशिरा परतणाऱ्यांच्या सोयीने ठरवाव्यात. नागरिकाला दिवसाकाठी अर्धा तास स्वस्थ बसू न देणारे शहर कितीही संपत्ती निर्माण करो, त्याला समृद्ध म्हणता येणार नाही.