सासूचं नाव काय?

मुंबईत जागा परवडेना तशा टीव्ही मालिका वसईजवळच्या नायगावात आल्या. पूर्वेला, महामार्गाच्या अंगाला, प्लायवूडचे वाडे, देवळं आणि पोलीस ठाणी उभी राहिली. त्यांत वावरणारी माणसंही मागोमाग वसई-विरारला भाड्याने राहायला आली. नायिकेची गाडी येते आणि जाते. काकू, शेजारीण, मोलकरीण आणि खाष्ट सासू करणाऱ्या बायका मात्र नायगाव स्टेशनवरून रिक्षा करतात.

काम ‘पर डे’वर. कॉल टाइम सकाळचा, शिफ्ट बारा तासांची. जरीची साडी, खोटे दागिने चढवून दुपारपर्यंत मेकअप रूममध्ये बसून राहायचं. मग शॉट लागतो. आरतीचं ताट घेऊन नायिकेच्या मागे उभं राहायचं. संवाद नाही, पण कॅमेरा तीनदा अंगावर येतो आणि तीनही वेळा चेहरा वेगळा हवा. पैसे हाती पडायला नव्वद दिवस. मध्येच एके दिवशी कळतं, ‘तुमचा ट्रॅक संपला.’ कथेत सासूबाई काशीयात्रेला निघतात, इकडे त्या कलावतीच्या घरभाड्याची पंचाईत.

एवढं करून तिचं नाव कुणाला ठाऊक नसतं. बऱ्याच दैनंदिन मालिकांत श्रेयनामावली दाखवतच नाहीत. दाखवलीच, तर वाचता येणार नाही इतक्या वेगाने पळवतात. त्या जागी जाहिरात बसते. साध्या रांगोळी प्रदर्शनातही चित्राशेजारी कलाकाराच्या नावाची पाटी असते. रांगोळीसाठी नावाजलेलं जूचंद्र या सेटांच्या शेजारीच आहे. वाहिन्यांच्या लोकांनी जरा तिकडे डोकवावं.

नावाने काय होतं? ललिता पवार बघा. नायिका म्हणून चाललेल्या होत्या. एका चित्रीकरणात थप्पड अशी बसली की डोळ्यात कायमचं व्यंग राहिलं आणि नायिकेच्या भूमिका संपल्या. पुढची कित्येक दशकं त्यांनी दुय्यम भूमिकांवर काढली. ‘अनाडी’तल्या मिसेस डीसाने त्यांना सहायक अभिनेत्रीचं फिल्मफेअर मिळवून दिलं. विरारच्या पुढे याच रेल्वेमार्गावर असलेल्या उंबरगावात १९८७च्या सुमारास ‘रामायण’ चित्रित होत होतं, तेव्हा मंथराही त्याच झाल्या. पण देशाने मंथरेला ‘ललिता पवार’ म्हणून ओळखलं, कारण पडद्यावर नाव येत होतं आणि लोक ते वाचत होते.

अभिनेत्री छाया कदम यांची वाट जास्त लांबची. कबड्डी खेळणारी मुलगी वामन केंद्रे यांच्या हाताखाली रंगभूमीवर आली. ‘फँड्री’त जब्याची आई, ‘सैराट’मध्ये परक्या शहरात आर्ची-परश्याला आसरा देणारी बाई. ‘सैराट’ घराघरांत पाहिला गेला, पण त्या बाईचं नाव किती जणांनी विचारलं? २०२४मध्ये ‘लापता लेडीज’मधली स्टेशनवर चहा-नाश्ता विकणारी मंजू माई गाजली. त्याच वर्षी मे महिन्यात ‘ऑल वी इमॅजिन अ‍ॅज लाइट’ला कान महोत्सवात ग्राँ प्री मिळालं. त्यात छायाताई रुग्णालयातली स्वयंपाकीण पार्वती होत्या. कानला त्या गेल्या ते दिवंगत आईची साडी आणि नथ लेवून. मग सगळ्या वर्तमानपत्रांनी नाव छापलं. कौतुक झालं ते उत्तमच, पण ते करायला फ्रान्सचा शिक्का लागला, याची लाज थोडी आपल्यालाही वाटायला हवी. नायगावच्या मेकअप रूममध्ये बसलेल्या सगळ्याच बायकांच्या नशिबी कान येणार नाही.

वाहिन्यांकडे मागणं फार मोठं नाही. दरेक भागाच्या शेवटी दहा सेकंद द्या. त्यात काकूचं, मोलकरणीचं, सासूचं नाव देवनागरीत, वाचता येईल एवढ्या वेगाने दाखवा. आणि प्रेक्षकहो, तेवढी दहा सेकंद रिमोट हातात घेऊ नका.