गुरुजी, कागद कुठे आहेत?

गणपती-नवरात्राची गडबड ओसरली की आमच्या टपालात एक ठरलेला प्रश्न हमखास येतो. अमेरिकेतल्या मंदिरातून विचारणा आली आहे, तिकडे कायमचे राहता येते का? एजंट म्हणतो, दोन वर्षांत ग्रीन कार्ड हातात. कायमचे राहता येते, हे खरे आहे. दोन वर्षांत, ही मात्र थाप आहे. आणि अर्ज मंजूर होण्यासाठी जे लागते त्यातले निम्मे इथेच, आपल्या पाठशाळेत आणि आपल्या डायरीत तयार व्हायला हवे. ते होत नाही, म्हणून यंदा या विषयावर सविस्तर लिहायचे ठरवले.

आधी रांग समजून घेऊ. नोकरीच्या आधारे अमेरिकेत कायम वास्तव्य मिळण्याचे पाच वर्ग आहेत. त्यांतला चौथा, ईबी-४, हा ‘विशेष स्थलांतरितां’चा. यात धर्मकार्य करणारे येतात, काही आंतरराष्ट्रीय संघटनांचे निवृत्त कर्मचारी येतात, एके काळी पनामा कालव्यावर नोकरी केलेले येतात. आणि आईबापांनी टाकलेली किंवा छळलेली, न्यायालयाने तसा निर्वाळा दिलेली अल्पवयीन मुलेही येतात. १९९० च्या कायद्याने नोकरीवर आधारलेल्या वर्षाच्या १,४०,००० व्हिसांपैकी ७.१ टक्के, म्हणजे सुमारे ९,९४०, या वर्गाच्या वाट्याला ठेवले. बायकामुले त्यातच धरायची.

बरीच वर्षे एवढ्यात भागत होते. मार्च २०२३ मध्ये अमेरिकेच्या परराष्ट्र खात्याने मोजण्याची पद्धत बदलली. एल साल्वाडोर, ग्वाटेमाला आणि होंडुरास या देशांतल्या अर्जदारांची वेगळी धरलेली रांग सर्वांच्या रांगेत मिसळली गेली. त्यात वर सांगितलेल्या अल्पवयीन मुलांचे अर्ज फार मोठ्या संख्येने होते. कोणत्या तारखेआधीच्या अर्जांची पाळी आली, हे तिकडचे मासिक व्हिसा बुलेटिन सांगते; एप्रिल २०२३ च्या बुलेटिनमध्ये भारतीयांची ही तारीखही एकदम मागे, १ सप्टेंबर २०१८ वर गेली. पुढे २०२५ च्या आर्थिक वर्षाचे सगळे व्हिसा फेब्रुवारीतच संपले. तिकडचे आर्थिक वर्ष ऑक्टोबरला सुरू होते, म्हणजे पाच महिन्यांत दुकान बंद. ही झळ केवळ आपल्याला लागलेली नाही. न्यू जर्सीतल्या पॅटरसनच्या कॅथलिक धर्मप्रांताने आपल्या पाद्र्यांसाठी ऑगस्ट २०२४ मध्ये सरकारवर खटला भरला. घनपाठी आणि पाद्री एकाच रांगेत तिष्ठत आहेत. ग्वाटेमालातल्या पोरक्या मुलावर चिडण्यात मात्र काही अर्थ नाही; आकडा पस्तीस वर्षांपूर्वीचा आहे, आणि तो वाढवणे तिथल्या काँग्रेसच्या हाती आहे.

रांग लांबली की घड्याळ आडवे येते. आपले गुरुजी बहुधा आर-१ या तात्पुरत्या व्हिसावर जातात. तो आधी जास्तीत जास्त तीस महिन्यांचा, मग तेवढीच वाढ, एकूण पाच वर्षे. पाच वर्षे भरली आणि रांग हलली नसेल तर बाहेर पडायचे आणि पुरते वर्ष बाहेर काढायचे, असा नियम होता. जानेवारी २०२६ पासून ती वर्षाची अट काढली आहे. देश सोडावा लागतोच, पण नवा आर-१ घेऊन लगेच परतता येते. दिलासा मोठा आहे, तरी रांग त्याने तसूभरही पुढे सरकत नाही. रांगेतली आपली जागा ठरते आय-३६० हा अर्ज दाखल झाल्याच्या तारखेने. त्या अर्जाला लगतच्या दोन वर्षांचे सलग, पूर्ण वेळ धर्मकार्य लागते. दोन वर्षे भरली की त्याच महिन्यात अर्ज जायला हवा. ‘कमिटीची मीटिंग झाली की बघू’ म्हणणाऱ्या विश्वस्तांपायी वर्षे गेलेली आम्ही पाहिली आहेत. हा अर्ज स्वतः गुरुजींनाही करता येतो, हे फार थोड्यांना ठाऊक असते; मंदिराचे हमीपत्र मात्र त्याला जोडावेच लागते.

आता मुद्द्याचे. या अर्जात गुरुजी ‘मिनिस्टर’ म्हणून जातात. नियमाप्रमाणे ‘मिनिस्टर’ म्हणजे ज्याला त्याच्या संप्रदायाने पूजाअर्चेचा पूर्ण अधिकार दिला आहे आणि संप्रदायाच्या रीतीने ज्याचे शिक्षण पूर्ण झाले आहे असा माणूस. तिथल्या अधिकाऱ्याला चर्चमधला दीक्षाविधी कळतो, सेमिनरीची गुणपत्रिका कळते. आपल्याकडे हे नसते, हेही नियमाने गृहीत धरले आहे. ठरावीक धर्मशिक्षण सक्तीचे नसेल तर तुमची अधिकार देण्याची पद्धत सांगा, तिच्या पायऱ्या सांगा, त्या पुऱ्या केल्याचा पुरावा द्या, एवढेच तो मागतो. खरे तर हा नियम आपल्यासाठीच केल्यासारखा आहे. संहिता, पद, क्रम, जटा, घन अशा चढत्या पायऱ्या, प्रत्येकीची परीक्षा, याज्ञिकीचा वेगळा अभ्यास. इतकी रेखीव परंपरा आणखी कोणाकडे आहे?

आणि आपण देतो काय? संपादकांच्या टेबलावर एका पाठशाळेचे पत्र आहे. वर श्रीकार, खाली आचार्यांची सही, मध्ये तीन ओळी: चिरंजीवांनी आमच्याकडे राहून वेदाध्ययन व याज्ञिकी उत्तम प्रकारे संपादन केली, वर्तन सात्त्विक आहे, त्यांना शुभाशीर्वाद. कधी आले, कधी गेले, कोणती शाखा, कुठवर, परीक्षा कोणी घेतली, यांतले काही नाही. मुलाने आठ वर्षे पहाटे उठून संथा घेतली; कागदावर ती आठ वर्षे नाहीतच. उज्जैनच्या महर्षी सांदीपनि राष्ट्रीय वेदविद्या प्रतिष्ठानाच्या परीक्षा दिलेल्यांची किंवा रामटेकच्या कवि कुलगुरू कालिदास संस्कृत विश्वविद्यालयाची पदविका असणाऱ्यांची अडचण कमी. वडिलांच्या किंवा काकांच्या हाताखाली शिकलेल्यांचे काय? त्यांनी गुरूंकडून तारीख, विषय आणि पायरी लिहिलेले पत्र ते हयात असतानाच घ्यावे. हे लिहिताना संकोच वाटतो, पण लिहिणे भाग आहे.

दुसरा कागद कामाचा. आपली मिळकत दक्षिणेची, हातोहात आलेली. सकाळी वास्तुशांत, दुपारी सत्यनारायण, संध्याकाळी कुणाची पत्रिका. महिनाअखेरीस त्यातले काहीही सिद्ध करता येत नाही. नियम आठवड्याला सरासरी पस्तीस तास मागतो. डायरीत यजमानाचे आडनाव आणि विधी आपण लिहितोच. त्यापुढे सुरू केल्याची आणि संपल्याची वेळ लिहायला कितीसा वेळ लागतो? कर बसत नसला तरी आयकर विवरणपत्र भरावे. हल्ली यजमान दक्षिणा मोबाईलवरून पाठवतात, तेव्हा अर्धी नोंद आपसूक होते, ही त्या क्यूआर कोडची कृपाच. ज्यांचे एखाद्या देवस्थानाशी नित्य काम आहे त्यांनी नेमणुकीचे पत्र मागून घ्यावे. इथली दोन वर्षे सिद्ध झाली तर तिथली दोन वर्षे भरण्याची वाट पाहावी लागत नाही.

मंदिराशी होणाऱ्या कराराबद्दल वकिलाने सांगावे त्याहून कडक शब्दांत सांगतो: वाचल्याशिवाय सही करू नका. आर-१ ज्या मंदिराच्या नावाने मिळतो त्याच मंदिराचे काम करता येते. शनिवारी परस्पर कुणाच्या घरी लघुरुद्र करून पाकीट खिशात टाकणे तिथे बेकायदा नोकरी ठरू शकते; तेव्हा घरच्या पूजा मंदिरामार्फत घ्याव्यात आणि ताटातली दक्षिणा कोणाची, हे करारात लिहून घ्यावे. राहण्याची जागा, जेवण, सुट्टी, आरोग्य विमा, परतीचे तिकीट, सगळे लिहून घ्यावे. पासपोर्ट स्वतःजवळ ठेवावा. २०२१ मध्ये न्यू जर्सीतल्या एका मोठ्या मंदिराच्या बांधकामावरच्या कामगारांनी खटला भरला तेव्हा त्यांना याच धर्मकार्याच्या व्हिसावर आणल्याचे पुढे आले. आरोप नाकारले गेले. तेव्हापासून मात्र गुरुजी खरोखर पूजाच सांगतात ना, हा प्रश्न सर्वांनाच अधिक बारकाईने विचारला जाणार, हे उघड आहे. तपासनीस मंदिरात येऊन पाहतातही. झाडलोट, काउंटर आणि स्वयंपाक यांतच तुमचा दिवस जात असेल तर कागदावरचा ‘मिनिस्टर’ टिकत नाही.

स्वयंपाकी, परिचारक यांची गोष्ट निराळी. ‘मिनिस्टर’ नसलेल्या धर्मसेवकांसाठीची तरतूद मुदतीची आहे. दर वेळी खर्चाच्या विधेयकाला जोडून ती वाढवतात, कधी मध्येच खंडही पडतो. तिच्या भरवशावर घर विकून जाऊ नये.

घरच्यांना आर-२ व्हिसा मिळतो, पण त्यावर नोकरी करता येत नाही. इथे शाळेत शिकवणाऱ्या गुरुकाकू तिथे पाच-सात वर्षे घरी बसतात, आणि मुलगा एकविसाव्या वर्षी त्या व्हिसातून बाहेर पडतो. मुलगा चौदा-पंधरा वर्षांचा असेल तर जायचे की नाही, याचा विचार त्याच्या वयापासूनच सुरू करावा.

राहिला भगिनींचा प्रश्न. पुण्यात ज्ञानप्रबोधिनीने स्त्रियांना पौरोहित्य शिकवले, त्यांच्या हातून शेकडो घरांत संस्कार होतात. अर्जदार स्त्री की पुरुष, हे अमेरिकेचा नियम विचारत नाही. संप्रदायाने अधिकार दिला आहे का, एवढेच विचारतो. तो अधिकार लेखी देण्याबाबत पाठशाळांचे मत काय, असे या महिन्यात आम्ही पत्राने विचारले आहे. येतील ती उत्तरे, प्रमाणपत्राच्या मराठी-इंग्रजी नमुन्यासह, पुढील अंकात छापू.