सोडतीला शेजार कळत नाही

वरळीच्या बी. डी. डी. चाळींतील ५५६ कुटुंबांच्या हाती ऑगस्ट २०२५ मध्ये नव्या घरांच्या किल्ल्या पडल्या. १९२० च्या दशकात सरकारच्या विकास खात्याने बांधलेल्या या चाळींत १६० चौरस फुटांच्या एकेका खोलीत तीन-तीन पिढ्या वाढल्या. त्यांना आता ५०० चौरस फुटांचे घर मिळाले, याचा आनंद आम्हांस कोणाहूनही कमी नाही. पहाटे टमरेल घेऊन रांगेत उभे राहण्यात कसलेही काव्य नसते. चाळीच्या आठवणींनी गहिवरणारे बहुधा चाळ सोडून गेलेलेच असतात!

परंतु चाळीबरोबर तिचा पॅसेजही जातो. मजल्यावर वीस खोल्या आणि मध्ये ही एकच सामाईक वाट. तेथे मुलांनी पाढे घोकले, भांडणे झाली आणि तेथूनच रात्रीअपरात्री आजाऱ्यास चौघांनी उचलून खाली नेले. सकाळी पाण्यावरून एकमेकींची उणीदुणी काढणाऱ्या बायका संध्याकाळी एकमेकींच्या मुलांना जेवू घालीत. चाळकऱ्यांची मने इतरांहून थोर होती असे नव्हे. दार उघडल्यावाचून वारा येत नसे, आणि दार उघडे असले की शेजारीही येई, इतकेच.

चाळीस मजली इमारतीत वारा खिडकीतून येतो. दार लावलेलेच राहते. शेजारची म्हातारी दोन दिवस दिसली नाही, हे तिच्या उंबऱ्याशी साचलेल्या आमच्या अंकांवरून कळावे, अशी पाळी येते. हा माणसांचा दोष मानून त्यांस उपदेश करणे सोपे आहे. आमची ती इच्छा नाही.

आमचा प्रश्न म्हाडाला आहे. नवी घरे सोडतीने वाटली जातात. सोडतीत वशिला चालत नाही, हे आम्ही जाणतो. पण सोडतीला शेजार कळत नाही. चार-पाच कुटुंबांनी मिळून मागणी केली, तर त्यांच्या नावाची एकच चिठ्ठी टाकून त्यांस एका मजल्यावर घरे देण्याने कोणाचा हक्क बुडतो? आणि पुढील नकाशांत प्रत्येक मजल्यावर दोन बाके मावतील एवढी जागा सोडण्यास असा कितीसा खर्च येणार?

वरळी, नायगाव व ना. म. जोशी मार्ग मिळून १९५ चाळींचा पुनर्विकास ठरला आहे. पुढची सोडत निघण्यापूर्वी म्हाडाने या दोन प्रश्नांचे उत्तर चाळकऱ्यांना द्यावे.